नाव बाबासाहेबांचे, मग कोलंबोचे विमान कुठे आहे?

नागपूरच्या सोनेगाव विमानतळाला डॉ. बाबासाहेब आंबेडकर आंतरराष्ट्रीय विमानतळ हे नाव २००५ साली मिळाले. १४ एप्रिल २००८ रोजी, भीमजयंतीच्या दिवशी, तेथील नव्या टर्मिनल इमारतीचे उद्घाटन झाले. ज्या नगरीत बाबासाहेबांनी आपल्याला माणूसपणाची दीक्षा दिली, त्या नगरीच्या आकाशदारावर त्यांचे नाव लागले, याचा आम्हाला अभिमान होता आणि आजही आहे. पण नुसता अभिमान बाळगून गप्प बसणे ही बाबासाहेबांची शिकवण नाही. म्हणून या नावाचा हिशेब आज मांडायचा आहे.

नावासाठी काय मोजावे लागते हे आपल्या समाजाला कुणी सांगायला नको. मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी २७ जुलै १९७८ रोजी केला आणि त्याच्या अंमलबजावणीला १४ जानेवारी १९९४ उजाडावा लागला. तोही नामांतर म्हणून नव्हे, नामविस्तार म्हणून. मधल्या साडेपंधरा वर्षांत घरे जळली, माणसे मारली गेली. पोचिराम कांबळे गेले, गौतम वाघमारे गेले. १९७९ साली याच नागपूरच्या दीक्षाभूमीवरून औरंगाबादकडे लाँग मार्च निघाला. त्या मानाने विमानतळाचे नाव शांततेत मिळाले. कुणाचे घर जळले नाही, कुणाला तुरुंगात जावे लागले नाही. हे चांगलेच झाले. पण जे नाव सहज मिळते, त्याचा अर्थही सहज विसरला जातो, आणि विमानतळाच्या बाबतीत नेमके हेच घडले.

आज सामान्य माणूस 'सोनेगाव' म्हणतो, वर्तमानपत्रे 'नागपूर विमानतळ' लिहितात. तिकिटावर आणि सामानाच्या चिठ्ठीवर तीन इंग्रजी अक्षरे असतात : एन, ए, जी. जगभरच्या विमान कंपन्यांचा तो संकेत आहे आणि नाव बदलले म्हणून तो बदलत नाही. त्याबद्दल आमची मुळीच तक्रार नाही. ती तीन अक्षरे एकत्र वाचली तर 'नाग' असा शब्द होतो. १५ ऑक्टोबर १९५६ च्या भाषणात बाबासाहेबांनी धम्मदीक्षेसाठी नागपूरच का निवडले याचे कारण सांगितले होते. बुद्धाचा धम्म या देशात पसरविणारे नाग लोक येथे राहत होते, हे ते कारण. तेव्हा सामानाच्या चिठ्ठीवर नकळत का होईना, आपला इतिहासच छापलेला आहे.

आमचा आक्षेप दुसऱ्या शब्दावर आहे. या विमानतळाच्या नावात 'आंतरराष्ट्रीय' असा एक शब्द आहे. तो कितपत खरा आहे?

नागपूरला नियमित प्रवासी सेवा देणाऱ्या परदेशी विमान कंपन्या आठवायच्या झाल्या तर दोनच नावे पुढे येतात. एक शारजाची एअर अरेबिया आणि दुसरी दोह्याची कतार एअरवेज. दोन्ही आखातातल्या. कतारची सेवा मध्ये बंद पडली आणि डिसेंबर २०१५ मध्ये पुन्हा सुरू झाली. २०२० च्या मार्चमध्ये महासाथीमुळे देशभरातील सगळीच आंतरराष्ट्रीय उड्डाणे थांबली, तेव्हा याही थांबल्या. आखाताची विमाने का येतात हेही उघड आहे. विदर्भातील आणि मध्य भारतातील माणसे तेथे पोटासाठी जातात, आणि तेथून पुढे युरोप-अमेरिकेला जाणारी विमाने मिळतात. आपल्या समाजाची मुले राजर्षी शाहू महाराज शिष्यवृत्तीवर परदेशी शिकायला निघतात, तेव्हा त्यांनाही ही वाट सोयीची पडते. १९१३ साली बाबासाहेब बडोदा सरकारच्या शिष्यवृत्तीवर बोटीने न्यूयॉर्कला गेले होते. आज त्यांची लेकरे विमानाने जातात. या सेवेचे आम्ही स्वागतच करतो.

पण विमानतळाला पूर्व दिशाच नाही, असे कसे चालेल?

बाबासाहेबांच्या आयुष्याची शेवटची सहा-सात वर्षे आठवा. १९५० साली ते श्रीलंकेत कँडी येथे जागतिक बौद्ध परिषदेला गेले. १९५४ च्या डिसेंबरात ब्रह्मदेशात रंगूनच्या परिषदेला गेले. १९५६ च्या नोव्हेंबरात, धम्मदीक्षेनंतर महिनाभरात आणि महापरिनिर्वाणाच्या अवघे काही दिवस आधी, काठमांडूच्या परिषदेत त्यांनी बुद्ध आणि कार्ल मार्क्स या विषयावर भाषण केले. प्रकृती ढासळलेली असताना हा माणूस पुन्हा पुन्हा पूर्वेच्या वाटेने जात होता, कारण येथील अस्पृश्यांना गावकुसाबाहेरून काढून त्यांना एका जागतिक बंधुभावाशी जोडायचे होते. कोलंबो, यांगून म्हणजे तेव्हाचे रंगून, आणि काठमांडू. त्यांच्या नावाच्या विमानतळावरून या तीन शहरांपैकी एकाही शहराची नियमित थेट सेवा आजवर रुजलेली नाही.

उलट दिशेने पाहिले तरी हेच दिसते. जपानमधून आलेले भदंत सुरेई ससाई यांनी नागपूरला आपली कर्मभूमी केले. कामठीचे ड्रॅगन पॅलेस जपानच्या नोरिको ओगावा यांच्या सहकार्यातून उभे राहिले आणि १९९९ साली खुले झाले. दीक्षाभूमीच्या स्तूपाचे उद्घाटन १८ डिसेंबर २००१ रोजी राष्ट्रपती के. आर. नारायणन यांच्या हस्ते झाले. थायलंड, श्रीलंका, म्यानमार, जपान येथील भिक्खू आणि उपासक दीक्षाभूमीला येतात. पण त्यांना आधी मुंबई, दिल्ली किंवा कोलकात्याला उतरावे लागते, तेथे दुसऱ्या विमानाची वाट पाहावी लागते आणि मग नागपूर गाठावे लागते. वाट लांबली की खर्च वाढतो. मग प्रवास आखणारा दलाल म्हणतो, बोधगया करा, सारनाथ करा, कुशीनगर करा, लुंबिनी करा आणि परत जा. बुद्धाच्या जन्माची, ज्ञानाची, पहिल्या उपदेशाची आणि महापरिनिर्वाणाची जागा त्यांना दिसते. ज्या जागी विसाव्या शतकात बुद्ध या भूमीत परत आला, ती जागा त्यांच्या नकाशातच नसते. ही नुसती पर्यटनाची गोष्ट नाही. बाबासाहेबांचा धम्म जगाच्या बौद्धांनी पाहावा की पाहू नये, हा प्रश्न आहे.

'येथे विमाने येण्याजोगे काही नाही,' असे म्हणणाऱ्यांना इतिहास ठाऊक नाही. १९४९ साली देशात रात्रीची हवाई टपाल सेवा सुरू झाली तेव्हा मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रास या चारही शहरांतून निघालेली विमाने मध्यरात्री नागपूरला येत, टपालाच्या थैल्या बदलत आणि पहाटेपर्यंत परत जात. देशाच्या मध्यावरचे ठिकाण म्हणून नागपूरची निवड झाली होती. पुढे याच भूगोलाच्या बळावर मिहान प्रकल्प मांडला गेला. म्हणजे जागेत दोष नाही.

मग दोष कुठे आहे? येथे वाचकांनी थोडे बारकाईने लक्ष द्यावे. आपली शिष्टमंडळे विमानतळाच्या संचालकाला निवेदन देतात, फोटो काढतात आणि परत येतात. पण ज्या दारावर आपण थाप मारतो, त्या दाराआड निर्णयच होत नाही.

परदेशी विमान कंपनी वाटेल त्या गावी विमान उतरवू शकत नाही. दोन देशांत विमानसेवेचा करार असतो. आठवड्याला किती जागांची विमाने यायची आणि कोणकोणत्या शहरांत उतरायचे, हे त्या करारात लिहिलेले असते. उतरण्याच्या या शहरांना 'पॉइंट ऑफ कॉल' म्हणतात. आपले शहर त्या यादीत नसेल तर कंपनीची इच्छा असली तरी तिला येता येत नाही. ही यादी ठरते दिल्लीत, नागरी विमान वाहतूक मंत्रालयात.

२००३ साली वाजपेयी सरकारने आग्नेय आशियातील देशांच्या विमान कंपन्यांसाठी १८ पर्यटनस्थळे खुली केली. पुढे ही सवलत सार्क देशांनाही मिळाली. या १८ ठिकाणी त्या देशांच्या कंपन्यांनी हवी तितकी विमाने आणावीत, जागांची मर्यादा नाही. थायलंड, म्यानमार, कंबोडिया, लाओस, व्हिएतनाम, श्रीलंका, भूतान आणि नेपाळ हे सगळे देश त्यात आले. जवळजवळ सगळे बौद्ध जगच आले म्हणा! त्या १८ ठिकाणांत गया आहे, वाराणसी आहे, लखनौ आहे, पाटणा आहे. महाराष्ट्रातले औरंगाबाद, म्हणजे आताचे छत्रपती संभाजीनगर, हेही आहे. नागपूर त्यात नाही. दीक्षाभूमीचे गाव त्या यादीत नाही!

परिणाम काय झाला? गयेला थंडीच्या हंगामात बँकॉक, कोलंबो, यांगून आणि भूतानमधील पारो येथून थेट विमाने येऊ लागली. बोधगयेच्या वाटेवरचे ते विमानतळ वर्षातले काही महिने परदेशी भिक्खू आणि उपासकांनी गजबजते. गया हे काही महानगर नाही. तेथे मोठे उद्योग नाहीत. तेथे बोधिवृक्ष आहे आणि त्या यादीत नाव आहे, एवढेच.

नंतरच्या काळात केंद्राने दार आणखी घट्ट लावून घेतले. संसदेत वारंवार असे उत्तर दिले गेले की परदेशी कंपन्यांना महानगरांबाहेरचे नवे पॉइंट ऑफ कॉल प्रवासी सेवेसाठी देण्यात येणार नाहीत. कारण परदेशी कंपन्यांना आधीच जास्त शहरे मिळाली आहेत आणि भारतीय कंपन्या मागे पडतात. या धोरणामागे तथ्य आहे, ते आम्ही नाकारत नाही. पण त्याच उत्तरात पुढे असेही असते की भारतीय विमान कंपन्यांना देशातील कोणत्याही विमानतळावरून परदेशी सेवा सुरू करण्यास मोकळीक आहे. म्हणजे दोन वाटा उघड्या आहेत. एक, १८ च्या यादीत नागपूरचे नाव घालायचे. यादी झाली २००३ ला आणि विमानतळाला बाबासाहेबांचे नाव मिळाले २००५ ला. नाव देणाऱ्या सरकारांनी त्याच वेळी यादीही दुरुस्त करायला हवी होती. दुसरी वाट, भारतीय कंपनीला कोलंबो किंवा बँकॉकची सेवा नागपूरहून सुरू करायला लावायची.

आता एक आक्षेप येतो आणि तो प्रामाणिकपणे विचारात घेतला पाहिजे. विमान भरेल का? अशोक विजयादशमीला दीक्षाभूमीवर लाखो लोक येतात, पण ते रेल्वेने, एसटीने, ट्रकने, पायी येतात. बहुतेक सगळे याच देशातले. परदेशी पाहुणे त्या मानाने मोजके. कुशीनगरचे उदाहरणही समोर आहे. २० ऑक्टोबर २०२१ रोजी तेथील आंतरराष्ट्रीय विमानतळाचे उद्घाटन झाले. कोलंबोहून भिक्खूंना घेऊन पहिले विमान आले, मोठा सोहळा झाला. पण पुढे तेथे परदेशी सेवा नियमितपणे टिकली नाही. तेव्हा पाटी लावून आणि फीत कापून विमाने येत नाहीत, हे मान्यच केले पाहिजे.

आमचे उत्तर असे आहे. प्रथम, बारमाही सेवा कुणी मागितली आहे? गयेसारखी हंगामी सेवा मागा. ऑक्टोबर ते मार्च, आठवड्याला दोन फेऱ्या. दुसरे, विमान एकाच बाजूने भरत नसते. २०११ च्या जनगणनेप्रमाणे देशात ८४ लाख बौद्ध आहेत आणि त्यांतले ६५ लाख एकट्या महाराष्ट्रात आहेत. आज आपल्या वस्त्यांतून, विहारांतून थायलंड आणि श्रीलंकेच्या धम्मयात्रा निघतात. शिक्षक, बँक कर्मचारी, रेल्वेतून निवृत्त झालेली जोडपी पैसा पैसा जमवून जातात. विदर्भातल्या या माणसांना आधी मुंबई किंवा कोलकाता गाठावे लागते. हा प्रवासी कुणी मोजला आहे का? समाजाने स्वतः तरी मोजला आहे का? तिसरे, सरकारने मनावर घेतले तर काय होते हे नागपूरनेच पाहिले आहे. मुस्लिम बांधवांच्या हज यात्रेसाठी नागपूरहून थेट सौदी अरबला विमाने गेली आहेत. यात्रेकरूंची नोंदणी आधी होते, संख्या ठरते, मग विमान ठरते. ही उत्तम पद्धत आहे. धम्मयात्रेलाही ती लावता येईल. चौथे, आसाम सरकारने २०१९ साली आंतरराष्ट्रीय उडान योजनेखाली स्वतःच्या तिजोरीतून मदत देऊन गुवाहाटीहून शेजारच्या देशांच्या सेवा सुरू करून घेतल्या. आसामला जे जमले ते महाराष्ट्राला न जमण्याचे कारण काय? पैशाचे कारण कुणी सांगू नये.

येथपर्यंत विमानाबद्दल झाले. आता इमारतीच्या आत पाहू. कारण नाव बाबासाहेबांचे आणि आतला कारभार बाबासाहेबांच्या विचाराशी फारकत घेणारा, अशी दुहेरी गंमत चालू देता येणार नाही.

हे विमानतळ पूर्वी भारतीय विमानतळ प्राधिकरणाकडे होते. २००९ पासून ते मिहान इंडिया या संयुक्त कंपनीकडे आले. त्यात राज्याच्या महाराष्ट्र विमानतळ विकास कंपनीचे ५१ टक्के आणि प्राधिकरणाचे ४९ टक्के भाग. म्हणजे तोवर तरी मालकी सार्वजनिक होती. पुढे ते खासगी हातात देण्याचा निर्णय झाला. जीएमआर समूहाची बोली सर्वांत वरची ठरली. मार्च २०२० मध्ये सरकारी कंपनीने ती प्रक्रियाच रद्द केली. २०२१ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने कंपनीच्या बाजूने निकाल दिला, मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कायम केला आणि सप्टेंबर २०२४ मध्ये शेवटचा अडसर दूर झाला. ऑक्टोबर २०२४ मध्ये करारावर सह्या झाल्या. ९ ऑक्टोबर २०२४ रोजी पंतप्रधानांनी सुमारे ७ हजार कोटी रुपयांच्या विस्तारकामाची पायाभरणी केली.

७ हजार कोटी! या रकमेत आपला वाटा काय? सार्वजनिक प्राधिकरणात अनुसूचित जातींना १५ टक्के आणि जमातींना साडेसात टक्के आरक्षण असते. खासगी चालकाच्या नोकरभरतीला ते आपोआप लागू होत नाही. मग आपल्या पोरांच्या वाट्याला काय येते? झाडू, ट्रॉली आणि सुरक्षारक्षकाचा गणवेश, तोही कंत्राटदाराकडून. कष्टाला आम्ही कमी लेखत नाही. पण अभियंता, वाहतूक अधिकारी, विमान दुरुस्तीचा तंत्रज्ञ या जागांवर आपली मुले किती, हा आकडा जाहीर व्हावा एवढी साधी मागणी करण्याचा अधिकार आपल्याला आहे की नाही? याच मिहानमध्ये बोइंगने एअर इंडियासाठी उभारलेले विमान दुरुस्ती केंद्र २०१५ पासून आहे. म्हणजे हे काम शिकण्याची जागा आपल्या दारात आहे.

आणि कायदा अगदीच मुका आहे असेही नाही. राज्याच्या २००१ च्या आरक्षण कायद्याने 'आस्थापना' या शब्दाची व्याख्या रुंद केली आहे. सवलतीच्या दराने शासकीय जमीन किंवा इतर आर्थिक सवलती मिळालेले उद्योगही शासनाचे साहाय्य मिळालेल्या संस्थांत धरावेत, असे त्या व्याख्येच्या स्पष्टीकरणात म्हटले आहे. हा कायदा २००४ पासून अमलात आहे. मिहानमध्ये तो किती ठिकाणी राबविला गेला, हा प्रश्न आपल्या आमदारांनी विधानसभेत किती वेळा विचारला?

जमिनीचा विषय निघालाच आहे तर शिवणगाव, खापरी, तेल्हारा, कलकुही, दहेगाव या गावांची आठवण ठेवली पाहिजे. मिहानसाठी त्यांची शेती गेली. त्यांत कुणबी होते, तेली होते, बौद्ध होते, आदिवासी होते. भूमिहीन मजुराला तर मोबदलाही नसतो, कारण त्याच्या नावावर सातबाराच नसतो. त्याची फक्त मजुरी जाते. जमीन गेलेल्या शेतकऱ्याची आणि मजुरी गेलेल्या शेतमजुराची मुले त्या टर्मिनलमध्ये कायम नोकरीला लागतील, त्या दिवशी बाबासाहेबांचे नाव तेथे शोभेल.

म्हणून चळवळीने आता नेमके काय करायचे ते ठरविले पाहिजे. विदर्भातील सर्व खासदारांकडून, मग ते कोणत्याही पक्षाचे असोत, एकच लेखी मागणी नागरी विमान वाहतूक मंत्र्यांकडे गेली पाहिजे : आग्नेय आशिया आणि सार्क देशांसाठी खुल्या असलेल्या स्थळांत नागपूरचा समावेश करा. राज्य सरकारकडे मागणी अशी : आसामप्रमाणे मदत देऊन धम्मचक्र प्रवर्तन दिनापासून मार्चपर्यंत कोलंबो आणि बँकॉकची हंगामी सेवा सुरू करवून घ्या. विहारांनी आणि धम्मयात्रा काढणाऱ्या मंडळांनी दरवर्षी विदर्भातून किती उपासक परदेशी जातात याची नोंद ठेवावी. विमान कंपनीला निवेदनाची भाषा कळत नाही, तिला प्रवाशांची संख्या कळते. विमानतळाच्या नोकरभरतीत प्रवर्गनिहाय आकडे मिळावेत म्हणून माहितीचा अधिकार वापरावा. आणि बोलताना, लिहिताना, पत्रिका छापताना विमानतळाचे पूर्ण नाव घ्यावे. आपणच ते अर्धवट घेतले तर इतरांना दोष कसा द्यायचा?

पुतळा उभारला की सरकारचे काम संपते. नाव दिले की सत्ताधाऱ्यांना वाटते, हा समाज आता पाच वर्षे काही मागणार नाही. हा समज खोटा ठरविणे आपल्याच हातात आहे. बाबासाहेबांचे नाव घेतलेल्या वास्तूवर त्या नावाची बंधने येतात. तेथून बुद्धाच्या देशांकडे वाट गेली पाहिजे आणि तेथील नोकरीत समतेला जागा मिळाली पाहिजे. येत्या अशोक विजयादशमीला दीक्षाभूमीवर जे ठराव होतील, त्यांत हा एक ठराव असू द्या. आणि ठराव झाल्यावर त्याची प्रत दिल्लीतल्या योग्य दारावर पोहोचू द्या.

जयभीम!